संकेतस्थळबंदीच्या मर्यादा : ऑनलाइन पायरसी, न्यायालये आणि वाचक-प्रेक्षकांचा हक्क

चित्रपट, गाणी, पुस्तके आणि संशोधनपत्रिका यांच्या चोरट्या प्रती इंटरनेटवर पसरू लागल्या तेव्हापासून भारतीय न्यायालयांपुढे एक प्रश्न वारंवार येत राहिला आहे. ज्याचे नाव ठाऊक नाही, ज्याचा पत्ता सापडत नाही आणि जो बहुधा देशाबाहेर बसलेला आहे, अशा प्रतिवादीविरुद्ध हुकूम काढायचा तरी कसा आणि तो बजावायचा कोणावर? या प्रश्नाला जे उत्तर सापडले ते म्हणजे संकेतस्थळबंदी. चोरट्या प्रती पुरवणाऱ्यापर्यंत कायद्याचा हात पोचत नसेल, तर निदान ग्राहक त्याच्यापर्यंत पोचू नये, असा या उपायामागचा विचार आहे आणि त्यासाठी हुकूम बजावला जातो तो इंटरनेट सेवा पुरवणाऱ्या कंपन्यांवर. गेल्या दोन दशकांचा अनुभव पाहता हा उपाय टाकून देण्यासारखा नाही; परंतु तो नेमका, उघड आणि मुदतबंद नसेल तर निरपराध लोकांवर अन्याय करतो, आणि कायदेशीर मार्ग सोपा व परवडणारा नसेल तर निष्फळही ठरतो.

नुकसान कोणाचे आणि किती

निर्मात्याला आपल्या कृतीच्या प्रती काढण्याचा, त्या विकण्याचा आणि लोकांपुढे सादर करण्याचा जो एकाधिकार कायद्याने ठरावीक काळासाठी दिलेला असतो, त्याला प्रताधिकार किंवा कॉपीराइट म्हणतात. भारतात तो १९५७ च्या प्रताधिकार अधिनियमाने मिळतो. साहित्यकृतीच्या बाबतीत तो लेखकाच्या हयातीत आणि त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो, तर चित्रपट व ध्वनिमुद्रण यांच्या बाबतीत प्रसिद्धीनंतर ६० वर्षे टिकतो. त्याचा जाणूनबुजून भंग करणाऱ्याला कलम ६३ नुसार सहा महिने ते तीन वर्षे कारावास आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड होऊ शकतो.

ईवाय ही सल्लागार संस्था आणि इंटरनेट अँड मोबाइल असोसिएशन ऑफ इंडिया यांनी २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालात भारतातील पायरसीची उलाढाल २०२३ या वर्षी २२,४०० कोटी रुपयांची असल्याचा अंदाज दिला आहे. त्यातील १३,७०० कोटींचा वाटा चित्रपटगृहांतून चोरलेल्या आशयाचा आणि ८,७०० कोटींचा ओटीटी मंचांवरून चोरलेल्या आशयाचा मानला आहे. ओटीटी म्हणजे इंटरनेटवरून थेट घरात चित्रपट व मालिका पोचवणाऱ्या सेवा. अशा आकड्यांकडे पाहताना दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्या लागतात. हे अंदाज उद्योगाच्या बाजूने मांडलेले असतात. शिवाय चोरटी प्रत पाहणारा प्रत्येक जण ती न मिळती तर तिकीट काढून आलाच असता, असे गृहीत धरता येत नाही.

तरीही नुकसान खरे आहे आणि ते सर्वांवर सारखे पडत नाही. २९ एप्रिल २०१६ रोजी प्रदर्शित झालेल्या नागराज मंजुळे यांच्या ‘सैराट’ची चोरटी प्रत थोड्याच दिवसांत इंटरनेटवर आणि मोबाइलच्या मेमरी कार्डांतून फिरू लागली, पण त्या चित्रपटाची लाट एवढी मोठी होती की तो तोवरचा सर्वाधिक कमाईचा मराठी चित्रपट ठरला. ज्या मराठी चित्रपटाला मोजकेच खेळ मिळतात आणि ज्याची सारी वसुली पहिल्या एक-दोन आठवड्यांवर अवलंबून असते, त्याला अशी लाट वाचवायला येत नाही. छोट्या आवृत्त्या काढणाऱ्या मराठी प्रकाशकाचेही तसेच आहे. नव्या पुस्तकाची स्कॅन केलेली पीडीएफ व्हॉट्सॲपच्या गटांतून फिरू लागली की विकल्या न गेलेल्या प्रतींचा भार प्रकाशकावर आणि न मिळालेल्या मानधनाचा भार लेखकावर पडतो. पायरसी म्हणजे केवळ बड्या कंपन्यांच्या नफ्यातली किरकोळ घट, असे मानणाऱ्या वाचकाने ही बाजू विसरता कामा नये.

‘अशोक कुमार’ नावाचा प्रतिवादी

अज्ञात व्यक्तीविरुद्ध दाद मागण्याची पद्धत इंग्रजी कायद्याच्या परंपरेत जुनी आहे. तेथे अशा प्रतिवादीला जॉन डो हे काल्पनिक नाव दिले जाते आणि भारतात त्याच हेतूने ‘अशोक कुमार’ हे नाव वापरले जाते. भारतात या पद्धतीला चालना मिळाली ती २००२ च्या फुटबॉल विश्वचषकाच्या वेळी. टेन स्पोर्ट्स या वाहिनीचे प्रक्षेपण परवान्याविना दाखवणाऱ्या केबलचालकांची नावे आधी कळणे शक्य नव्हते, म्हणून दिल्ली उच्च न्यायालयाने अज्ञात प्रतिवादींनाही लागू होणारा आदेश दिला. त्या आदेशाचा रोख जमिनीवरच्या केबलचालकांवर होता, आणि त्यांच्या जागेवर जाऊन तपासणी करणे शक्य होते. पुढे तेच साधन इंटरनेटला लावले गेले तेव्हा त्याचे स्वरूप पालटले, कारण आदेशाची झळ आता प्रतिवादीबरोबरच त्या संकेतस्थळाचा रास्त वापर करणाऱ्या प्रत्येकाला बसू लागली.

२०१२ मध्ये ‘३’ आणि ‘दम्मू’ या दाक्षिणात्य चित्रपटांच्या बचावासाठी मद्रास उच्च न्यायालयाकडून असा आदेश मिळवण्यात आला. सेवा पुरवठादारांनी त्याचा अर्थ इतका सैल लावला की व्हिमिओ, डेलीमोशन आणि पेस्टबिन यांसारखी, असंख्य लोक रास्त कामासाठी वापरतात अशी संकेतस्थळे सरसकट बंद झाली. अखेर जूनमध्ये न्यायालयाला स्पष्ट करावे लागले की बंदी संपूर्ण संकेतस्थळांवर नसून बेकायदा प्रतीच्या विशिष्ट दुव्यांपुरती आहे. २०१४ च्या फुटबॉल विश्वचषकाच्या वेळी दिल्ली उच्च न्यायालयाने आधी ४७२ संकेतस्थळांवर बंदी घातली आणि नंतर ती यादी २१९ वर आणली. पहिल्या यादीत गूगल डॉक्ससारखी सेवाही होती. ऑगस्ट २०१७ मध्ये ‘लिपस्टिक अंडर माय बुरखा’ आणि ‘जब हॅरी मेट सेजल’ या चित्रपटांसाठी मद्रास उच्च न्यायालयातून मिळवलेल्या आदेशांत २,६०० हून अधिक संकेतस्थळे होती. त्यांत जुनी संकेतपाने, पुस्तके आणि ध्वनिमुद्रणे जतन करणाऱ्या इंटरनेट अर्काइव्ह या ना-नफा संस्थेचाही समावेश होता, आणि त्या संस्थेला आपण कोणत्या कारणासाठी बंद झालो हे सुरुवातीला कळलेसुद्धा नाही.

या तिन्ही प्रसंगांतील दोष एकाच जागी सापडतो. यादी तयार करतो तो वादी किंवा त्याने नेमलेली खासगी संस्था, ती न्यायालयापुढे येते चित्रपटाच्या प्रदर्शनाच्या तोंडावर, सुनावणी होते एकतर्फी, आणि शेकडो नावे एकेक करून तपासण्याइतका वेळ कोणाकडेच नसतो. घाई खरी असते, कारण पहिल्या आठवड्यानंतरच्या आदेशाला निर्मात्याच्या दृष्टीने फारसा अर्थ उरत नाही. परंतु त्या घाईची किंमत जो मोजतो तो न्यायालयात हजर नसतो.

बंदी प्रत्यक्षात कशी घातली जाते

एखादे संकेतस्थळ ‘बंद’ केले म्हणजे ते पुसून टाकले असे होत नाही. ज्या संगणकावर ते ठेवलेले असते तेथे ते जसेच्या तसे राहते आणि सेवा पुरवठादार केवळ आपल्या ग्राहकांना तेथवर जाऊ देत नाही. यासाठी मुख्यतः तीन पद्धती वापरल्या जातात. पहिली डोमेन नाव प्रणालीतील बंदी. ही प्रणाली दूरध्वनीच्या डिरेक्टरीसारखी असून ती संकेतस्थळाच्या नावावरून त्याचा अंकी पत्ता शोधून देते. पुरवठादार त्या नावापुढचा पत्ता काढून टाकतो किंवा चुकीचा देतो. ग्राहकाने दुसऱ्या संस्थेची डोमेन सेवा वापरली की ही बंदी गळून पडते. दुसरी पद्धत अंकी पत्त्यावरच बंदी घालण्याची. आजच्या इंटरनेटवर एकाच पत्त्यामागे हजारो संकेतस्थळे असू शकतात, त्यामुळे एकाला लक्ष्य केले तरी शेजारची सारी बंद होण्याचा धोका असतो. तिसऱ्या पद्धतीत जोडणी सुरू होताना ग्राहकाचा संगणक ज्या संकेतस्थळाचे नाव उघडपणे पाठवतो, ते नाव वाचून जोडणी तोडली जाते.

येथे एक तांत्रिक बाब फार महत्त्वाची आहे. आज बहुतेक संकेतस्थळे एचटीटीपीएस ही सांकेतिक लिपीत बंद केलेली जोडणी वापरतात, त्यामुळे सेवा पुरवठादाराला संकेतस्थळाचे नाव दिसते, पण ग्राहक त्यातील कोणते पान पाहतो आहे ते दिसत नाही. न्यायालयाने कितीही नेमकेपणाने एका दुव्यापुरता आदेश दिला, तरी पुरवठादाराच्या हाती दोनच पर्याय उरतात, सगळे संकेतस्थळ बंद करणे किंवा काहीच न करणे. म्हणूनच जेथे संकेतस्थळ स्वतः कायद्याला जुमानणारे आहे, तेथे आदेश त्या संकेतस्थळाच्या चालकावर बजावून ते विशिष्ट पान काढायला लावणे हाच खरा नेमका उपाय ठरतो. प्रताधिकार नियम २०१३ मधील नियम ७५ तशी सोय करतो. त्यानुसार तक्रार मिळाल्यापासून ३६ तासांत मध्यस्थाने, म्हणजे इतरांचा आशय साठवणाऱ्या किंवा पोचवणाऱ्या सेवेने, त्या आशयाची वाट बंद करायची असते आणि २१ दिवसांत न्यायालयाचा आदेश सादर झाला नाही तर ती पुन्हा खुली करता येते.

घाईने घातलेल्या बंदीचे धोके भारतापुरते नाहीत. इटलीने फुटबॉल सामन्यांच्या चोरट्या प्रक्षेपणाविरुद्ध २०२४ मध्ये ‘पायरसी शील्ड’ ही यंत्रणा सुरू केली आणि तक्रारीनंतर ३० मिनिटांत बंदी अमलात आणण्याचे बंधन पुरवठादारांवर घातले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये या यंत्रणेतून गूगल ड्राइव्हच्या एका डोमेनवर बंदी गेली आणि ज्यांचा फुटबॉलशी काही संबंध नव्हता अशा लोकांची कामे अडली. तपासणीला वेळच ठेवला नाही की चूक हा अपवाद राहत नाही, ती यंत्रणेच्या रचनेतच येते.

मुंबई उच्च न्यायालयाने घालून दिलेली शिस्त

या पार्श्वभूमीवर मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी जुलै २०१६ मध्ये ‘ढिशूम’ या चित्रपटाच्या प्रकरणी घेतलेली भूमिका आजही अभ्यासण्यासारखी आहे. निर्मात्यांनी मागितलेली सरसकट बंदी त्यांनी नाकारली, कारण संबंधित संकेतस्थळांवर बेकायदा आशयाखेरीज दुसरे काहीच नाही असा पुरावा समोर नव्हता. वादीने दुवे पुन्हा तपासून, पडताळणीची पद्धत शपथेवर सांगितल्यावरच त्यांनी त्या विशिष्ट दुव्यांपुरता आदेश दिला. बंद केलेल्या पानावर आदेशाचा तपशील, कायद्यातील तरतूद आणि बाधित व्यक्तीने दाद कोठे मागावी याची माहिती दिसावी, असेही त्यांनी बजावले. बंदीचे कारण नागरिकाला समजले पाहिजे आणि तिला आव्हान देण्याची वाट त्याच पानावर दिसली पाहिजे, हे तत्त्व त्यामुळे आदेशाचाच भाग बनले.

पुढच्याच महिन्यात बंद पानांवर झळकलेल्या एका सूचनेवरून देशभर खळबळ उडाली. चोरटी प्रत नुसती पाहणे हाही तीन वर्षांच्या शिक्षेचा गुन्हा आहे, असा त्या सूचनेचा अर्थ निघत होता. न्यायमूर्ती पटेल यांनी ती दुरुस्त करायला सांगितले, कारण अधिनियमानुसार गुन्हा आहे तो बेकायदा प्रतीचे वितरण, जाहीर प्रदर्शन, विक्री किंवा भाड्याने देणे यांत, खासगीत पाहण्यात नव्हे. पाहणे योग्य आहे असा याचा अर्थ नाही. परंतु कायद्यात नसलेल्या शिक्षेची भीती सेवा पुरवठादाराच्या सूचनाफलकावरून घालता येत नाही, हे स्पष्ट होणे आवश्यक होते.

‘गतिमान’ मनाई हुकूम आणि त्यानंतर

दुव्यागणिक बंदीची मर्यादाही लवकरच उघड झाली. एक पत्ता बंद होताच चालक नावात एखादे अक्षर बदलून तेच संकेतस्थळ नव्या डोमेनवर उभे करतात. अशा हुबेहूब नकलेला मिरर साइट म्हणतात. प्रत्येक नकलेसाठी नवा दावा लावणे निर्मात्याला शक्य नसते. १० एप्रिल २०१९ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती मनमोहन यांनी यूटीव्ही विरुद्ध १३३७एक्स या प्रकरणात यावर तोडगा काढला. ज्यांचा मुख्य हेतूच बेकायदा आशय पुरवणे आहे अशा संकेतस्थळांना त्यांनी ‘रोग वेबसाइट’ (इंग्रजी ‘rogue’, म्हणजे बदमाश संकेतस्थळ) असे वेगळे ठरवले आणि त्यांची लक्षणे सांगितली : मालकाची ओळख लपवलेली असणे, आशय काढण्याच्या नोटिशीला दाद न देणे, बंदी चुकवण्याच्या युक्त्या वापरकर्त्यांना शिकवणे, इतर देशांतील न्यायालयांनीही बंदी घातलेली असणे, इत्यादी. अशा संकेतस्थळांच्या पुढच्या नकला वादीने जोडनिबंधकापुढे शपथपत्राने आणाव्यात आणि तोच आदेश त्यांना लागू व्हावा, अशी सोय त्यांनी केली. बदलत्या पत्त्याबरोबर पुढे सरकणारा म्हणून हा ‘गतिमान’ मनाई हुकूम. तो सिंगापूरच्या उच्च न्यायालयाच्या २०१८ मधील निर्णयावरून घेतला होता. ऑगस्ट २०२३ मध्ये न्यायमूर्ती प्रतिभा सिंह यांनी त्याची कक्षा आणखी वाढवून, अद्याप निर्माण न झालेल्या कृतींनाही संरक्षण देणारा आदेश दिला.

संसदेनेही २०२३ मध्ये सिनेमॅटोग्राफ अधिनियमात दुरुस्ती केली. चित्रपटगृहात चोरून चित्रण करणे किंवा अशी प्रत प्रसारित करणे यासाठी आता किमान तीन महिने कारावास व ३ लाख रुपये दंड आहे. ही शिक्षा तीन वर्षांपर्यंत आणि दंड लेखापरीक्षित निर्मितीखर्चाच्या ५ टक्क्यांपर्यंत वाढू शकतो. माहिती व प्रसारण मंत्रालयाने त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये तक्रारी स्वीकारण्यासाठी अधिकारी नेमले आणि तक्रारीवर ४८ तासांत कारवाईची व्यवस्था केली. महाराष्ट्राने तर २००९ मध्येच झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले वगैरेंसाठी असलेल्या १९८१ च्या स्थानबद्धता कायद्यात ‘व्हिडिओ पायरेट’ हा वर्ग घालून, खटला न चालवता स्थानबद्ध करण्याची तरतूद केली होती. कायदे अपुरे आहेत ही तक्रार त्यामुळे आता टिकत नाही. आदेशांची व्याप्ती मात्र वाढत गेली आणि पडताळणी न्यायाधीशाच्या हातून निबंधकाकडे, तेथून मंत्रालयातील अधिकाऱ्याकडे सरकत गेली. बंद संकेतस्थळांची एकत्रित, अद्ययावत आणि सर्वांना पाहता येईल अशी अधिकृत यादी अजून नाही, आणि एकच संकेतस्थळ एका कंपनीच्या जोडणीवर बंद व दुसरीच्या जोडणीवर सुरू, असा प्रकार अभ्यासकांना आढळला आहे.

शिवाय बंदी पायरसीच्या उगमाला हात लावत नाही. जून २०१६ मध्ये ‘उडता पंजाब’ प्रदर्शनाच्या दोन दिवस आधी इंटरनेटवर आला तेव्हा त्या प्रतीवर परीक्षणासाठी दिलेल्या प्रतीची खूण होती. अशी गळती संकलनकक्षापासून चित्रपटगृहापर्यंतच्या साखळीतूनच होते आणि ती रोखण्यासाठी प्रत्येक प्रतीवर वेगळी अदृश्य खूण ठेवणे, प्रती हाताळणाऱ्यांची नोंद ठेवणे, असे उपाय उद्योगालाच करावे लागतात.

कायदेशीर वाट किती रुंद

चोरट्या प्रतीकडे लोक का वळतात याचा विचार केल्याशिवाय हे चित्र पूर्ण होत नाही. फुकट मिळते हे एक कारण खरेच; पण हवे ते कायदेशीरपणे मिळतच नाही, किंवा मिळते ते सामान्याच्या आवाक्याबाहेर असते, हीही तितकीच ठळक कारणे आहेत. संगीताच्या क्षेत्रात जाहिरातींसह मोफत आणि स्वस्त वर्गणीच्या सेवा आल्या तेव्हा गाणी चोरून उतरवून घेण्याची गरजच पुष्कळ अंशी संपली. नेटफ्लिक्सला डिसेंबर २०२१ मध्ये भारतातील दर उतरवावे लागले आणि मोबाइलपुरती योजना १९९ वरून १४९ रुपयांवर आली. उलट गावातले चित्रपटगृह बंद पडलेल्या तालुक्यातील प्रेक्षक, किंवा ज्याच्या शहरात मराठी चित्रपट पोचतच नाही असा आखातातील व अमेरिकेतील मराठी माणूस, पैसे मोजायला तयार असूनही अनेकदा रिकाम्या हाताने परततो, आणि चोरट्या संकेतस्थळाला नेमका तोच ग्राहक मिळतो.

ज्ञानाच्या क्षेत्रात हा प्रश्न अधिक गंभीर आहे. एल्सव्हिअर, वायली आणि अमेरिकन केमिकल सोसायटी या प्रकाशकांनी डिसेंबर २०२० मध्ये साय-हब व लिबजेन या संकेतस्थळांविरुद्ध दिल्ली उच्च न्यायालयात दावा लावला. कझाकस्तानच्या अलेक्झांड्रा एल्बाक्यान यांनी २०११ मध्ये सुरू केलेल्या साय-हबवर कोट्यवधी शोधनिबंध परवानगीविना उपलब्ध आहेत. त्या निबंधांमागचे संशोधन पुष्कळदा सार्वजनिक पैशातून झालेले असते, लेखक आणि परीक्षक यांना प्रकाशक सहसा मोबदला देत नाहीत, आणि तरी एकेक निबंध वाचण्यासाठी भारतीय विद्यार्थ्याला न परवडणारी रक्कम मागितली जाते. ऑगस्ट २०२५ मध्ये न्यायालयाने साय-हब बंद करण्याचा आदेश दिला. त्याआधी, नोव्हेंबर २०२४ मध्ये, केंद्र सरकारने ‘वन नेशन वन सबस्क्रिप्शन’ ही योजना मंजूर केली होती. तीन वर्षांसाठी ६,००० कोटी रुपये, ३० प्रकाशकांची सुमारे १३,००० नियतकालिके आणि ६,३०० हून अधिक सरकारी संस्थांतील सुमारे १.८ कोटी विद्यार्थी व संशोधक असा तिचा आवाका आहे. हे पाऊल स्वागतार्ह आहे, पण खासगी अनुदानित-विनाअनुदानित महाविद्यालयांतील मोठा वर्ग, जिल्ह्याच्या गावी काम करणारे डॉक्टर आणि संस्थेबाहेर राहून इतिहास वा भाषा यांचा अभ्यास करणारे स्वतंत्र संशोधक त्यात सामावलेले नाहीत.

अधिनियमाने स्वतःच लोकांच्या हक्कासाठी जागा ठेवली आहे, हेही येथे लक्षात घ्यावे. कलम ५२ अभ्यास, समीक्षा आणि अध्यापन यांसाठी कृतीचा रास्त वापर करू देते. त्याच्याच आधारे दिल्ली उच्च न्यायालयाने सप्टेंबर २०१६ मध्ये, दिल्ली विद्यापीठाच्या आवारातील दुकानात अभ्यासक्रमासाठी पुस्तकांतील प्रकरणांच्या छायाप्रतींचे संच काढणे हा भंग नसल्याचे ठरवले. २०१२ च्या दुरुस्तीने अंध व इतर अपंग वाचकांसाठी सुलभ स्वरूपातील प्रती काढण्याची मुभा दिली. मुदत संपलेल्या कृती तर सर्वांच्याच असतात; १९५० मध्ये निधन झालेल्या साने गुरुजींचे साहित्य २०११ पासून कोणालाही प्रसिद्ध करता येते. मराठी विश्वकोश इंटरनेटवर मोफत वाचता येतो, महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने आपली अनेक प्रकाशने उतरवून घेण्यासाठी खुली केली आहेत, आणि लेखकांच्या संमतीने पुस्तके वाटणारे ई-साहित्य प्रतिष्ठानसारखे उपक्रमही चालू आहेत. उपलब्धता आणि प्रताधिकार एकमेकांचे शत्रू असतातच असे नाही, याचा हा घरचाच पुरावा आहे.

यावरून करण्याजोग्या गोष्टी स्पष्ट होतात. बंदी फक्त त्या संकेतस्थळांवर असावी ज्यांचा हेतूच बेकायदा व्यापार आहे. इतरांना पान काढायला सांगावे. दिलेल्या यादीची पडताळणी वादीपासून स्वतंत्र असलेल्या व्यक्तीने करावी, आदेशाला मुदत असावी, बंद पानावर कारण व दाद मागण्याची वाट लिहिलेली असावी, बंद संकेतस्थळांची अधिकृत यादी सर्वांना पाहता यावी आणि चुकीच्या बंदीची भरपाई ती मागणाऱ्याने द्यावी. दुसऱ्या बाजूने, अनुपलब्ध झालेली मराठी पुस्तके आणि जुने मराठी चित्रपट हक्कधारकांना मोबदला देऊन अल्प दरात उपलब्ध करण्यासाठी शासन, प्रकाशक आणि ग्रंथालये यांनी एकत्र यावे, आणि सार्वजनिक पैशातून झालेले संशोधन सर्वांना खुले असण्याची अट अनुदानाबरोबरच घालावी. लेखकाचा मोबदला आणि वाचकाची पोच या दोन्हींसाठीच प्रताधिकाराचा कायदा केलेला आहे; त्यातील एकाचेच रक्षण करून दुसऱ्याकडे पाठ फिरवणारी कोणतीही बंदी आपल्या उद्देशाला पुरी पडणार नाही.